आबांनी राखायला दिलेलं आडनाव

चष्मा कपाळावर सरकवायचा, डोळे मिटायचे आणि समोरच्याला म्हणायचं, "नाव सांग, गाव सांगतंय." पेडण्याला मामलेदार कचेरीसमोर, झेरॉक्सच्या दुकानाबाहेर मेज टाकून अर्ज लिहिणारे, त्याच कचेरीतून निवृत्त झालेले आबा असे सुरू व्हायचे. असा एखादा माणूस तुम्हीही पाहिला असेल. कॉलेज सुटल्यावर मी त्याच दुकानात टायपिंग करते, म्हणून मला ते रोज दिसायचे.

कोणी कोरगावकर आला की ते विचारत, "कोरगाव सोडून किती पिढ्यो झाल्यो?" तो चकित व्हायचा. मग आबा मला समजावत, "गावात रवतल्याक गावाचा नाव कोण लावता? गाव सुटता, तेव्हा ता नावाक चिकटता."

अर्ज पुरा झाला की कागदावर थाप मारून म्हणायचे, "व्हय म्हाराजा!" माणसं हसायची. मीही हसायचे.

माझं आडनाव घाडी. घाडी म्हणजे भूत उतरवणारा, एवढंच बाहेरच्यांना ठाऊक. म्हापशाच्या कॉलेजात मुलं म्हणायची, "ए घाडी, सरांना लागलेलं भूत काढ बघू!" मी त्यांच्याबरोबर हसायचे, पण मनाला लागायचं. आमच्या घरात माझ्याआधी कोणी कॉलेज पाहिलं नव्हतं, विचारणार कोणाला? पदवीच्या कागदावर तरी हे नाव नको, असं ठरवून मी आडनाव बदलायचा अर्ज स्वतःच टाइप केला आणि आबांना दाखवला.

त्यांनी तो वाचला, घडी घालून माझ्या हातात दिला.

"बाय, जत्रेक तुझो बापूस देवासमोर उभो रवान किते करता?"

"गाऱ्हाणं घालतो."

"सगळ्या गावाच्या वतीन देवाकडे तो बोलता. बाकीचे कितीय मोठे आसले तरी फाटल्यान 'व्हय म्हाराजा' म्हणतत. आणि असला नाव तू टाकतलें?"

मी अर्ज फाडला. दुसऱ्या दिवशी वर्गात कोणीतरी भुताचं काढलं, तेव्हा मी उभी राहून सगळ्यांना घाडी म्हणजे कोण ते सांगितलं. तो धीर आबांचा होता, हे मला मान्य करायलाच हवं.

गेल्या वर्षी आबा आजारी पडले. त्यांची सून पेन्शनच्या कामासाठी त्यांच्या कागदांचा गठ्ठा घेऊन झेरॉक्सला आली. तळाशी एक पिवळा पडलेला कागद होता, आडनाव बदलल्याचा. नवं आडनाव त्यांच्या गावाचं, पार्शाचं. जुनं आडनाव घाडी.

तिला दोन प्रती हव्या होत्या. मी दोन काढल्या.

बरे होऊन आबा परत आले, तेव्हा मी चहा आणि उंडा पाव घेऊन त्यांच्या मेजाशी गेले. "आबा, नाव सांगा, गाव सांगते."

ते हसले. मग माझ्या तोंडाकडे बघून थांबले. कपाळावरचा चष्मा डोळ्यांवर आला.

"तुमचा जन्म पार्शातला, राहताही पार्शातच," मी म्हटलं. "मग गावाचं नाव कशाला लावलंत?"

चहात बुडवलेला उंड्याचा तुकडा तुटून आत पडला, तरी त्यांच्या लक्षात आलं नाही.

"कचेरीत नवो लागलंय तेव्हा सगळे मस्करी करीत. माका सोसली ना गो."

"आणि मी सोसायची?"

"कोणे तरी ता नाव राखूक जाय न्हय?"

मी आत निघून गेले. त्यांनी जे सांगितलं ते खोटं नव्हतं, हे मला तेव्हाही कळत होतं. पण स्वतःच्या डोक्यावरचा भारा वाटेत ठेवून दिला, आणि तोच किती सुंदर आहे म्हणून माझ्या डोक्यावर चढवला, असं वाटलं. चार दिवस मी त्यांच्याशी बोलले नाही. पाचव्या दिवशी मेज बाहेर आलं नाही. रात्री आबा गेले होते. मेज त्यानंतर कधीच बाहेर आलं नाही.

आता मला दिसतं की घाडी गाऱ्हाणं बोलतो, "व्हय म्हाराजा" बाकीच्यांनी म्हणायचं असतं. आबा इतकी वर्षं रोज त्या बाकीच्यांत जाऊन उभे राहत होते.

परवा पदवीचा फॉर्म भरला. आडनावाच्या जागी घाडीच लिहिलं. आबांसाठी नाही, बापासाठी. राग अजून गेलेला नाही. तरी सही करून झाल्यावर कागद मेजावर सरळ केला, आणि थाप पडेल म्हणून थोडा वेळ थांबले.