व्यासपीठावरून उतरलेला आमदार

चाळीस वर्षं मी फार्मसीत डॉक्टरांची अक्षरं वाचली. त्यामुळे रिटायर झाल्यावर इथे अमेरिकेत, इलिनॉयमधल्या नेपरव्हिलमध्ये जुन्या कागदपत्रांचं काम करणाऱ्या एका गटानं 'हस्तलिखितं टाइप करून द्यायला कुणी आहे का' असं विचारलं, तेव्हा मी लगेच हात वर केला. दोनशे वर्षांपूर्वीचा कारकून डॉक्टरांपेक्षा वाईट काय लिहिणार? आणि खरंच, बिचाऱ्याचं अक्षर सुरेख होतं, फक्त शाई फिकटली होती.

माझ्या वाट्याला एका बाप्टिस्ट मंडळीची, म्हणजे एका ख्रिस्ती चर्चच्या सभासदांची, नोंदवही आली. इलिनॉयच्या दक्षिणेकडची, नदीकाठची वस्ती. तेव्हा गोऱ्या लोकांच्या वस्त्या तिथे नुकत्याच पडत होत्या. ती जमीन ज्यांची होती, त्यांच्याबद्दल वहीत अवाक्षर नाही. ते मला तेव्हाही खटकलं आणि अजूनही खटकतं. चर्च म्हणजे ओंडक्यांची एक खोली. उपदेशक म्हणजे आठवडाभर नांगर धरणारा शेतकरी. पगार नाही, पदवी नाही. रविवारी प्रवचन द्यायचं आणि सोमवारी पुन्हा मक्याच्या शेतात उतरायचं.

हा उपदेशक तर विधिमंडळातही निवडून गेलेला. राज्यात गुलामगिरी येऊ द्यायची की नाही यावर रान पेटलं होतं, तेव्हा हा घोड्यावर बसून वस्तीवस्तीत तिच्या विरोधात बोलत फिरला. शेजाऱ्यांनी तोंडं फिरवली, तरी गडी हटला नाही. मी टाइप करता करता मोठ्यानं म्हणायची, "वा रे पठ्ठ्या!" गणपतीपुढे साखर ठेवून मगच लॅपटॉप उघडणारी मी बाई, पण माझा त्या माणसावर जीव जडला. आणखी एक कारण होतं. राग त्याच्याही नाकाच्या शेंड्यावर होता.

माझ्या रागाचं सांगायचं तर, गेल्या ऑगस्टमध्ये त्या रागानंच मला तोंडघशी पाडलं होतं. मी आमच्या महाराष्ट्र मंडळाची अध्यक्ष. गणपतीसाठी शाळेचा हॉल बुक करायचं काम माझ्या तीस वर्षांच्या मैत्रिणीकडे होतं आणि ती ते विसरली. हॉल गेला. मीटिंगमध्ये चाळीस माणसांसमोर, हातात माईक घेऊन, मी तिला म्हणाले, "तुझ्या भरवशावर राहिलो तर बाप्पाला पार्किंग लॉटमध्ये बसवावं लागेल. झेपत नाही तर कशाला पुढे पुढे करतेस?" चारदोन जण हसले. ती पर्स उचलून निघून गेली.

मीटिंगच्या आधीचा आठवडाभर ती नवऱ्याला घेऊन हॉस्पिटलच्या चकरा मारत होती, हे मला आठ दिवसांनी कळलं. त्यांना स्ट्रोक आला होता आणि तिनं कुणालाच सांगितलं नव्हतं. मी हादरले. फोन केला, उचलला नाही. मग व्हॉट्सॲपवर लांबलचक सॉरी लिहिलं, खाली हात जोडलेल्या चार इमोजी. उत्तरात एक अंगठा आला. नुसता अंगठा! तीस वर्षं एकमेकींची पोरं सांभाळली, एकमेकींच्या बाळंतपणात डिंकाचे लाडू वळले, आणि शेवटी अंगठा. मला उलट तिचाच राग आला. सॉरी म्हटलं ना? अजून काय लोटांगण घालू? दिवाळीला ती आली नाही. डिसेंबरात कळलं की घर विकून दोघं दूर दुसऱ्या राज्यात, ईडन प्रेरीला लेकीकडे कायमची चाललीत. संक्रांतीच्या कार्यक्रमाला निरोप घ्यायला येणार होती. मी मनाशी ठरवलं, तिळगूळ हातावर ठेवायचा, गोड बोला म्हणायचं, की मिटलं. आपल्याकडे असंच तर मिटवतात.

पण त्याच सुमाराला वहीत ते पान आलं.

त्या मंडळीची दर महिन्याला शनिवारी सभा भरायची आणि तिथे कुणीही कुणाबद्दल तक्रार मांडू शकायचं. एका विधवेनं चक्क उपदेशकाबद्दल मांडली. तिची डुकरं त्याच्या मक्यात शिरली म्हणून प्रार्थनेनंतर, सगळ्यांसमोर, तो तिला वाट्टेल ते बोलला होता. तो म्हणाला, मी तिच्या घरी जाऊन माफी मागून आलोय. सभा म्हणाली, चालणार नाही. चारचौघांत बोललास, माफीही चारचौघांतच. तो तडक उठून गेला. सभेनं ठरवलं, हे मिटेपर्यंत त्यानं उपदेश करायचा नाही. राजधानीत कायद्यांवर मत देणारा माणूस, आणि स्वतःच्या गावच्या चर्चमध्ये त्याचं तोंड बंद! पुढच्या दोन सभांच्या नोंदी एकेका ओळीच्या, 'भाऊ', म्हणजे उपदेशक, अजून आलेला नाही.

तिसऱ्या सभेला तो आला. उपदेशाच्या जागी चढला नाही, खाली बाकांच्या मधोमध उभा राहिला आणि म्हणाला, दोष माझा. मग त्या विधवेला विचारलं गेलं, तुझं समाधान झालं का? ती लगेच बोलली नाही. कारकुनानं तेही लिहून ठेवलंय, की सगळे थांबले आणि तोही उभा राहिला. घोड्यावरून गावंच्या गावं हलवणारा तो गडी, त्या बाईच्या एका शब्दासाठी गप्प उभा. शेवटी ती हो म्हणाली. मी लॅपटॉप मिटला आणि ढसाढसा रडले. एवढा मोठा माणूस मी आयुष्यात पाहिला नाही, आणि माझ्याकडे काय होतं, तर चार इमोजी.

संक्रांतीला बाहेर मरणाचा बर्फ होता, तरी शाळेचा कॅफेटेरिया भरला. मैत्रीण मागच्या दाराजवळ, शेजारी व्हीलचेअरवर तिचा नवरा. माझं भाषण होतं. मी माईक स्टँडवरच ठेवला आणि पायऱ्या उतरून टेबलांच्या मधून चालत गेले. तिच्यासमोर उभी राहिले आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "ऑगस्टमध्ये तुम्हां सगळ्यांसमोर मी हिचा अपमान केला. काही माहीत नसताना केला. चूक माझी होती." मग तिला विचारलं, "तुझं समाधान झालं का?"

तिनं आधी नवऱ्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"नाही," ती म्हणाली.

तो उपदेशक उभा राहिला होता, म्हणून मीही उभी राहिले.

"माझं सोड," ती म्हणाली. "ह्यांना वाटतं, ह्यांच्या दुखण्यामुळे मला सगळ्यांसमोर बोलणी खावी लागली. पाच महिने रोज तेच. मी सांगून थकले. तू सांग."

हे माझ्या स्वप्नातही आलं नव्हतं. मी खाली वाकले, मग सरळ गुडघ्यांवरच बसले, म्हणजे त्यांना माझं तोंड दिसेल. "भाऊजी, तुमचा काही दोष नव्हता. हिचाही नव्हता. माझी जीभ सुटली, बस्स."

ते माझ्याकडे बघत राहिले. त्यांचे शब्द आता उशिरा येतात. मग डाव्या हातानं त्यांनी बायकोची साडी ओढली आणि अडखळत म्हणाले, "माझ्या... मुळे नाही?"

"नाही हो," ती म्हणाली. "किती वेळा सांगू?" आणि तिला रडू फुटलं.

मी तिच्याकडे वर बघून विचारलं, "आता?"

तिनं डोळे पुसले आणि हात पुढे केला. "आता झालं. ऊठ. तुझे गुडघे काय मला माहीत नाहीत?"