मोठ्या कोर्टासाठी राखलेली साक्ष

वकीलसाहेबांनी चष्मा काढला, डबीत ठेवला आणि डबी मिटली. मी समजले. हायकोर्टानं आमचं अपील दाखलच करून घेतलं नव्हतं. माझ्या मागच्या दाराचा बोळ शेजाऱ्याचा झाला.

"किती वेळ चाललं?" मी विचारलं.

"चहा गार व्हायच्या आत संपलं, मावशी."

असे वकील तुम्हीही पाहिले असतील. आमचे साहेब जिंकले की चष्मा कपाळावर, हरले की डबीत. सात रस्ता चौकाजवळच्या त्यांच्या हापिसात मी वीस वर्षं झाडू मारला. निकाल मला अशिलांच्या आधी कळायचा.

येईल त्या अशिलाला ते एकच सांगत. "जे हाय ते हितंच सांगा. वर कुणी इचारणार न्हाय." लोकांकडून खरं वदवून घेणारे हे गृहस्थ दर सोमवारी केसांना कलप लावून यायचे. टॉवेलाचे काळे डाग मी धुवायचे. वय विचारलं की म्हणत, "रेकॉर्डवर न्हाय."

मलाही त्यांनी बजावलं होतं. शेजाऱ्यानं दोन साक्षीदार आणले होते, माझ्याकडून मी एकटी. साहेबांनी तीनदा विचारलं, "बोळ तुमचा, हे ठाऊक असलेलं अजून कुणी हाय का?"

तिन्ही वेळा मी न्हाय म्हटलं.

होती. पलीकडच्या गल्लीतली अक्का, तेलुगू विणकरांच्या घरातली. त्यांच्या मागाचा ताणा आमच्या बोळात लागायचा. या टोकापासून त्या टोकापर्यंत सूत ताणलेलं असायचं, आणि दर वेळी अक्का आधी माझ्या सासूला विचारून जायची. शेजाऱ्याला कधी कुणी विचारलं नाही. याहून मोठी साक्ष काय असणार? म्हणूनच मी ती राखली. खालचा जज्ज आज आहे, उद्या बदलून जाईल. लग्नातलं लुगडं कुणी बाजाराला नेसून जातं का?

खाली हरलो. मग मी अक्काला नवी साडी नेसवून हापिसात नेलं. साहेबांनी सगळं ऐकलं आणि डोकं धरलं.

"हे आधी का न्हाय सांगितलं?"

"मोठ्या कोर्टासाठी ठेवलं होतं."

जिल्हा कोर्टानंही तेच विचारलं, तेव्हाच का आणलं नाही? अक्काला पिंजऱ्यात उभंही केलं नाही. खालचा निकाल कायम केला.

साहेबांनी आम्हा दोघींना समोर बसवून समजावलं. "खालच्या कोर्टात चादर विणायची. जिल्हा कोर्ट ती उलटीपालटी करून बघतं. हायकोर्ट फक्त कायदा चुकला का, तेवढं बघतं. काय घडलं ते दोन कोर्टांनी एकसारखं ठरवलं, आता तितं नवा धागा घालता येत न्हाय."

"येतो की," अक्का म्हणाली. "सुईनं. रफू म्हंतात."

"हायकोर्ट रफू करत न्हाय, अक्का."

"मग मोठं कशाला म्हंतात त्याला?"

साहेबांनी फाइल पुन्हा उघडली. कायद्याचा एक मुद्दा शोधून त्यांनी अपील केलंच. त्याचं काय झालं ते वर सांगितलं.

बोळात शेजाऱ्याची भिंत उभी राहिली त्या दिवशी साहेब स्वतः घरी आले. मी मागचं दार उघडून दाखवलं. उंबऱ्याला लागूनच विटा. त्यांनी विटांवर बोट वाजवलं.

"चूक माझी, मावशी. चौथ्यांदा इचारायला पायजे होतं."

"चौथ्यांदाबी मी न्हायच म्हटलं असतं."

ते हसले. खिशातली डबी काढून चष्मा डोळ्यांवर चढवला आणि भिंत पुन्हा नीट बघितली. हरल्यावर त्यांनी चष्मा लावलेला मी तेवढाच पाहिला.

गेल्या उन्हाळ्यात साहेब वारले. अक्का त्यांच्या आधीच गेली. हापिसात आता मोबाइलचं दुकान आहे. मागचं दार मी उघडत नाही, त्याला धान्याची पिंपं टेकवून ठेवलीत.

त्या बोळात ताणा लागलेला ज्यांनी पाहिला, त्यांच्यातली मी एकटी उरले आहे.