घड्याळजींची करडी पट्टी

आमच्या समुपदेशन केंद्रात नवा फॉर्म आला की मी आधी वय बघायचे आणि फाईलला त्या वयोगटाच्या रंगाची पट्टी चिकटवायचे. केंद्र चालवणाऱ्या समुपदेशक बाईंचा नियम. माणूस मरेपर्यंत वाढत असतो, प्रत्येक टप्प्याला एक प्रश्न असतो, असं त्यांचं शास्त्र. कोवळ्या वयात 'मी कोण?', म्हातारपणी 'जगलो ते सार्थकी लागलं का?' बाई हुशार, त्यात वाद नाही. पण पट्ट्या लावायचं आणि कोपऱ्यात बसून टिपणं घ्यायचं काम माझं, म्हणजे गाढवपणात माझाही वाटा आलाच.

एक घड्याळजी आले. वय एकाहत्तर, म्हणून म्हातारपणाची करडी पट्टी. बायको गेलेली, मुलगी दुकान बंद करून त्यांना आपल्या घरी न्यायला निघालेली, आणि यांची अन्नावरची वासनाच उडालेली. बाईंनी वही दिली. आयुष्याची गोष्ट लिहा, मन हलकं होईल. तीन आठवडे वही कोरीच. मी मनात चडफडायचे.

चौथ्या खेपेला ते म्हणाले, "लिहू काय, बाई? चौदाव्या वर्षी वडिलांनी दुकानात बसवलं. लग्न आईनं ठरवलं. आता मुलगी ठरवतेय. यात माझं काय आहे?"

ते गेल्यावर बाई कपाळाला हात लावून बसल्या. "आपण वय बघितलं गं, माणूस बघितलाच नाही. यांचा प्रश्न सोळा वर्षांच्या पोराचा आहे."

पुढच्या आठवड्यात मुलीलाही बोलावलं.

"मी येत नाही," घड्याळजी म्हणाले. "दुकान चालवायचं की दुसरं काही करायचं, ते मला ठरवू दे."

मुलगी तडकली. "आणि मला विचारलं होतंत कधी? काय शिकायचं, कुणाशी लग्न करायचं, सगळं तुम्हीच ठरवलंत ना?"

झालं, मला वाटलं, सगळी मेहनत पाण्यात.

"नव्हतं विचारलं," ते म्हणाले. "चुकलंच माझं. आज विचारतो. मी तुझ्या घरी राहायला यावं, असं तुला वाटतं का? खरं सांग."

ती हळूच म्हणाली, "नाही, बाबा. पण तुम्हाला एकटं टाकलं असं लोक म्हणतील, याची भीती वाटते."

माझं पेन थांबलं. रडू आलं, कशाला लपवू?

"लोकांना मी सांगतो," घड्याळजी म्हणाले. "तू निवांत जा घरी."