माझ्या लग्नाची बहुपक्षीय परिषद

आता काय सांगू तुम्हाला, आणि कुठल्या तोंडानं सांगू! आधी चहा घ्या. माझं ठरत आलेलं लग्न कुणी मोडलं, हेच तुम्ही गेले कित्येक दिवस आडून आडून विचारताय ना? मीच मोडलं. शेजाऱ्यानं नाही, भावकीनं नाही, पत्रिकेनंही नाही. मी, पूर्ण शुद्धीत, अध्यक्षस्थानी बसून!

मी इस्लामपूरला कॉलेजात राज्यशास्त्र शिकवतो. तेही तासिका तत्त्वावर. म्हणजे तास घेतला तर मानधन, नाहीतर रामराम. वय पस्तिशीच्या पुढं. आमच्या वडूजकडं असल्या नवऱ्या मुलाला काय किंमत असते ते मी सांगायला नको. पोरीकडची माणसं पोहे खाऊन जायची आणि नंतर फोनच उचलायची नाहीत. दोन स्थळं अगदी जमत आली होती, तर कुणीतरी मध्ये काडी घातली. कुणी घातली ते आजवर कळलेलं नाही.

अशात आमच्या कॉलेजात मनीषा मॅडम आल्या. मूळच्या पाटणच्या, विषय अर्थशास्त्र. स्टाफरूममध्ये आम्ही एकाच टेबलावर डबा खायचो. त्यांची तांदळाची भाकरी, माझी बाजरीची. हळूहळू भाकरीची अदलाबदल सुरू झाली. आणि एका दुपारी त्यांनीच सरळ विचारलं, "सर, तुमच्या मनात आहे ना?"

मी नुसती मान हलवली.

"माझ्याही आहे. मग तुमच्या वडिलांना म्हणावं, पाटणला येऊन पप्पांना भेटा. दोघं बसतील, बोलतील. झालं!"

इतकं सोपं होतं हो! हे आठवलं की अजून भिंतीवर डोकं आपटावंसं वाटतं.

माझे वडील, म्हणजे आबा, फौजेतून हवालदार म्हणून रिटायर झालेले. त्यांनी ऐकलं आणि उठून टोपीच घातली. "चल, आत्ताच निघू. मी आन तिचा बा बसतो, च्या पितो, सुपारी फोडतो."

आणि मी शहाणा काय म्हणालो असेन?

"आबा, थांबा. हे द्विपक्षीय झालं!"

"काय झालं?"

"म्हणजे दोघांतलाच करार. आज आपण ठरवणार, उद्या तिसरा काडी घालणार. त्यापेक्षा सगळ्यांना आधीच आत घ्यायचं. बहुपक्षीय सहकार्य! जो आत असतो, तो मोडायला येत नाही."

आबांनी टोपी काढून हातात घेतली. "आरं, दोन मानसांच्या कामाला आक्खी प्लाटून कशाला?"

पण ऐकतो कोण! वर्षानुवर्षं वर्गात मी हेच शिकवत आलो होतो. लहान देशानं मोठ्या देशाशी एकट्यानं करार करायला जाऊ नये, दहा देशांच्या मंचावर जावं, तिथं लहानाच्या मतालाही किंमत असते. आणि लग्नाच्या बाजारात माझ्याइतका लहान देश दुसरा कोणता, सांगा बरं?

लगेच व्हॉट्सअ‍ॅपवर ग्रुप काढला. नाव ठेवलं 'शुभमंगल समन्वय समिती'. थोरल्या चुलत्यांना घेतलं म्हणून धाकट्यांना घ्यावं लागलं. चुलते आले म्हणून मामा रुसले. मामांना घेतलं तर आत्या म्हणाली, "आमी काय मेलोय व्हय?" पाटणकर तरी मागं कसे राहतील? त्यांनीही आपली सगळी भावकी आणून ओतली. वर मी नियम घातला, की प्रत्येक निर्णय एकमतानंच होईल. एकानं जरी नाही म्हटलं, तरी थांबायचं.

मनीषा मॅडमचा मेसेज आला, "सर, हे काय चाललंय?"

मी उत्तर पाठवलं, "विश्वास ठेवा, ही प्रक्रिया आहे."

बैठक कराडला ठेवली. वडूजही नको, पाटणही नको, म्हणून तटस्थ भूमी! एका मंगल कार्यालयाचा हॉल घेतला. आमच्याकडून जीपा आणि टेम्पो भरून माणसं आली, तिकडून अख्खी एक मिनीबस उतरली. बायका एका अंगाला, पुरुष एका अंगाला, आणि मधोमध टेबलापाशी अध्यक्ष म्हणून मी. नवरा मुलगा अध्यक्ष झालेला तुम्ही कधी बघितलाय?

पहिला विषय काढला, लग्न कुठं करायचं. आमचे सदामामा बसल्या जागेवरून गरजले, "वडूजला! नवऱ्याच्या दारात."

तिकडून मॅडमचे चुलते म्हणाले, "ऐन उन्हाळ्यात वडूजला? आमच्या मानसांनी आंगुळी कशानं करायच्या? टँकरनं?"

सदामामा ताडकन उठले. "टँकर आमी हौसंनं आनतो व्हय रं? समदं पानी तुमी कोयनेत अडवून बसलाय!"

"आमी अडवलंय? आवं, धरनात जमिनी आमच्या गेल्या, आन आळ बी आमच्यावरच?"

झालं! लग्न राहिलं बाजूला आणि पाणीवाटप सुरू झालं. कोण धरणाची उंची सांगतंय, कोण कालव्याचं बोलतंय, आत्या म्हणतेय आधी आहेराचं काय ते बोला. मग अध्यक्षांनी काय करावं? अध्यक्षांनी पाणीप्रश्नावर उपसमिती नेमली. हसू नका! माझ्या सुपारीच्या बैठकीत मी पाण्याची उपसमिती नेमली, आणि तिच्यात कोण असावं यावर पुन्हा भांडण लागलं.

इकडं हे रण माजलेलं असताना बाहेर टपरीवर काय चाललं होतं? माझा चुलतभाऊ संपत आणि मॅडमची मावसबहीण यांचं जमत होतं! दोघांचे बाप चहा प्यायले, हसले आणि पानाच्या गादीवरून सुपारी आणून मोकळे झाले. धाकट्या चुलत्यांनी तर पाटणच्या एका पाहुण्याची म्हैससुद्धा ठरवली. ज्याचं त्याचं दोघांत बसून मार्गी लागलं. अडकून पडला तो फक्त अध्यक्ष.

मॅडमचे वडील मात्र इतका वेळ एका कोपऱ्यात गप्प बसून होते. शेवटी ते उठले, माझ्या टेबलापाशी आले. पलीकडं मनीषा मॅडमनी मान वर केली.

"पावनं," ते म्हणाले, "मी एकच इच्यारतो. आमची मनी तुमास्नी पायजेल का न्हाई? तुमी निस्तं व्हय म्हना. हितंच सुपारी फोडतो. ह्या समद्यास्नी मी बघून घेतो."

काय उत्तर होतं सांगा! दोन अक्षरांचं उत्तर. दूध पिणाऱ्या पोरालाही देता आलं असतं. माझ्या ओठापर्यंत आलंही होतं हो. पण समोर सगळे मामा, चुलते, आत्या माझ्याकडं बघत होते, आणि माझ्या अंगात तो अध्यक्ष शिरलेला.

मी म्हणालो, "हे पाहा, अध्यक्षानं स्वतःचं मत मांडायचं नसतं. आपण हा मुद्दा सभागृहापुढं ठेवू."

आबांनी कपाळाला हात लावला. मॅडमचे वडील नुसतं "बरं" म्हणाले आणि चपला घालायला गेले. मॅडम मिनीबसमध्ये जाऊन बसल्या. मी मात्र खाली मान घालून संयुक्त निवेदन वाचत होतो, की चर्चा सौहार्दपूर्ण वातावरणात झाली आणि पुढील बैठकीची तारीख लवकरच कळवण्यात येईल. वर बघतो तर हॉल रिकामा, फक्त आमचा टेम्पोवाला दारात उभा. "सर, निघायचं का?"

दुसऱ्या दिवसापासून मॅडम दुसऱ्या टेबलावर बसायला लागल्या. मी एकदा धीर करून गेलो, म्हणालो, "मॅडम, मला तुम्ही हव्या होता हो."

"मग ते त्या दिवशी कुणी बोलायचं होतं, सर?"

मला जेवण जाईना, वर्गात तोंड उघडवेना. घरी आबा बोलायचे बंद झाले. तिकडं संपतच्या लग्नात वाढपी म्हणून मलाच उभं केलं.

मध्ये काही महिने गेले. पेपर तपासायला मी साताऱ्याला गेलो होतो, तिथं मॅडमचा फोन आला. त्यांचं लग्न होतं त्या दिवशी. पाटणचाच एक भूगोलाचा मास्तर मोटारसायकलवर एकटाच त्यांच्या घरी गेला, वडिलांना विचारलं आणि ठरवून आला. त्या बैठकीचा वडिलांनी इतका धसका घेतला होता, की लग्न रजिस्टर पद्धतीनं, साताऱ्यातच. आणि ऐनवेळी एक साक्षीदार आजारी पडलेला.

"सर, तुम्ही साताऱ्यातच आहात असं कॉलेजात कळलं. याल का? तुमच्याशिवाय जवळपास कुणीच नाही."

गेलो. न जाऊन काय करणार होतो? इस्त्रीचा शर्ट होताच अंगात. विवाह नोंदणी कार्यालयात मॅडम साधी हिरवी साडी नेसून कारकुनाच्या टेबलापाशी उभ्या होत्या, मी त्यांच्या शेजारी जाऊन उभा राहिलो. कारकुनानं एकदा त्यांच्याकडं पाहिलं, एकदा माझ्याकडं पाहिलं आणि कागद माझ्यापुढं सरकवला.

"नवरदेव ना तुम्ही? इथं सही करा."

"नाही," मी ताबडतोब म्हणालो. "नवरदेव खाली गाडी लावतायत. मी साक्षीदार."

बघा म्हणजे! ना कुणाला विचारलं, ना कुणापुढं ठेवलं. आयुष्यात पहिल्यांदाच मी माझ्या लग्नाच्या प्रश्नावर जागच्या जागी, एकट्यानं, स्वच्छ उत्तर दिलं होतं!