टेकडीवरचा चिवट डाग

एकदा मी एका जित्याजागत्या माणसाला पुसून टाकलं आणि वर शाबासकीची वाट पाहत बसले.

सिंगापूरमधल्या तुआसच्या एका छोट्या लॅबमध्ये तेव्हा मी नवी होते. जुन्या फिल्म्स स्कॅन करायच्या आणि त्यांच्यावरचे डाग कॉम्प्युटरवर काढायचे, हे आमचं काम. त्या दिवशी हातात होती एक छोटी मूक फिल्म. जंगल तोडून वसलेली नवी वस्ती, झोपड्या, डुकरं, भात कांडणाऱ्या बायका आणि शेवटी नुसती टेकडी.

टेकडीवर एक काळा ठिपका होता. धूळ एका फ्रेमवर दिसते, पुढच्या फ्रेमवर नसते. हा मात्र प्रत्येक फ्रेममध्ये हजर, शिवाय हळूहळू खाली सरकणारा. धूळ चालत नाही, हे माझ्या नातीलाही कळेल. पण मी पडले पुण्याची हुशार इंजिनिअर! म्हटलं, डाग चिवट दिसतोय. फ्रेम बाय फ्रेम, हाताने पुसला. लंचच्या आत टेकडी लख्ख.

दुपारी क्लायंट मिस्टर तिओ आले. सोबत व्हीलचेअरवर त्यांची आई. तिचे वडील गेले तेव्हा ती तान्ही होती. घरात त्यांचा एक फोटोसुद्धा नव्हता.

फिल्म संपली.

"माझे आजोबा कुठेत?" मिस्टर तिओंनी विचारलं.

"शेवटी कोणी नाहीच सर. टेकडी आहे," मी ठासून सांगितलं.

"आहेत! मी रीलवर भिंग धरून पाहिलंय. कावड घेऊन उतरतात. त्या टेकडीवर आमचंच एक घर होतं."

मी मागे उभ्या बॉसकडे पाहिलं.

"रॉ स्कॅन ठेवलाय ना?" बॉसने हळूच विचारलं.

रॉ स्कॅन म्हणजे हात न लावलेली पहिली कॉपी. ती ठेवायचा बॉसचा नियम मला निव्वळ कटकट वाटायचा. नशीब, पाळला होता.

ती उघडली, मोठी केली. ठिपक्याला पाय फुटले. खांद्यावर कावड, पुढची टोपली जरा झुकलेली. मिस्टर तिओंच्या आईने स्क्रीनवर बोट ठेवलं आणि वडील टेकडी उतरेपर्यंत त्यांच्याबरोबर खाली आणलं.

आजही मी हेच काम करते. हलणारा ठिपका दिसला की आधी विचारते, आपण कोण?

त्या दिवशी जाताना मिस्टर तिओ दारात थांबले. खास सिंगापुरी ढंगात म्हणाले, "मॅडम, आजोबांना वाघाने सोडलं, मलेरियाने दोनदा सोडलं. तुम्ही मात्र लंचच्या आत संपवलंत, लाह!"