दोन चंद्रांचं कॅलेंडर

हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या बरं का! कारण माझी ही फजिती सांगायला लागले की अर्ध्यावर कुणीतरी गंभीर होतं आणि चहा थंड होतो.

मी कादंबरी लिहितेय. हो, अजूनही! एका काल्पनिक जगाची. त्याचं नाव नीलवर. तिथं आकाशात दोन चंद्र आहेत, एक निळा, एक तांबडा, आणि वर्षाचे महिने तेरा. दोन्ही चंद्र एकाच रात्री दिसेनासे झाले की दुसरा दिवस निषिद्ध. त्या दिवशी चूल पेटवायची नाही, उंबरा ओलांडायचा नाही. लिहिताना तारखांचा गोंधळ व्हायला लागला, म्हणून मी नीलवरचं अख्खं कॅलेंडर तयार केलं, क्रांती चौकातून रंगीत छापून आणलं आणि पुढच्या खोलीत टांगलं. खिळा एकच होता, बुद्धांच्या फोटोशेजारचा. घरचं कॅलेंडर गेलं खाली, माझं आलं वर.

आता आमचे आजोबा कसे आहेत ते ऐका. रिटायर्ड मास्तर. सगळी मुकुंदवाडी त्यांना गुरुजी म्हणते. त्यांच्या वडिलांनी दीक्षा घेतली, तेव्हापासून आमच्या घरात पंचांग शिरलेलं नाही. आजोबांनी स्वतःचं लग्न रविवारी लावलं. का? तर शाळेला सुट्टी! मुहूर्ताचं नाव काढणारा पाहुणा आमच्याकडून चहा अर्धा टाकून उठतो, इतकं त्याला ऐकून घ्यावं लागतं.

तर हे आजोबा त्या कॅलेंडरसमोर उभे. मी लॅपटॉपमध्ये डोकं घातलेलं. म्हाताऱ्या माणसांना एका उत्तरात समाधान नसतं, म्हणून मी मान वर न करताच उत्तरं देते.

"हे काय टांगलंस?"

"कॅलेंडर आहे, आजोबा."

"निषिद्ध म्हंजी?"

"त्या दिवशी घराबाहेर पडायचं नाही."

"कोण म्हणलं?"

"मी ठरवलंय."

"आन् तू हे पाळणार?"

"पाळावंच लागतं! एक दिवस चुकला तर पुढचं सगळं कोसळतं."

मी कादंबरीबद्दल बोलत होते हो! पण त्यांना कसं कळणार? ते एवढंच म्हणाले, "बरं." आजोबा "बरं" म्हणून गप्प बसलेत, असं आमच्या घरात आजवर घडलं नव्हतं. मला तेव्हाच धडकी भरायला हवी होती. मी मात्र खूश. चला, आज लवकर सुटले!

दुपारी लासूर स्टेशन गावाहून आत्याचा फोन.

"कोण महाराज हायत गं ते?"

"कोण महाराज?"

"तुझे, दोन चंद्रवाले! बाबा रडू लागले फोनवर. म्हणले, पोरीनं पंचांग आणलं घरात, आता मी तिथं राहत नाय. माझ्याकडं यायला निघाले बी."

मी धावत आजोबांच्या खोलीत गेले. कपड्यांची पिशवी नव्हती. चष्म्याचं घर नव्हतं. मम्मीला सांगितलं तर ती माझ्याकडं बघून एवढंच म्हणाली, "एकदा मान वर करून बोलली असतीस तर काय झिजणार होतं तुझं?"

मी मुकुंदवाडीच्या रेल्वे स्टेशनवर पळाले. आजोबा बाकावर बसलेले, पिशवी मांडीवर.

"आजोबा, घरी चला."

"आज चालतंय का तुला बाहेर पडलेलं? निषिद्ध नाय ना?"

"अहो, ते खरं नाहीये! माझ्या कादंबरीतलं आहे. मी रचलंय ते, सगळं खोटं आहे!"

"आमच्या गावातलंबी कुणीतरी रचलेलंच होतं. आम्ही त्याच्यापायी अंगणाबाहेर उभं राहायचो."

मग मी तिथंच त्यांना नीलवर समजावून सांगितलं. चंद्र, महिने, राजा, सगळं. ते वर्गातल्यासारखे कान देऊन ऐकत होते. मला वाटलं, जिंकले.

"हे निषिद्ध दिवस ठरवतं कोण?"

"देवळातले पुजारी."

"त्यांना कोण सांगतं?"

"चंद्र."

"त्यांच्याच कानात?"

मी म्हटलं, "पण नियम सगळ्यांना सारखा आहे, आजोबा. राजासुद्धा बाहेर पडत नाही!"

"व्हय? मग त्या दिवशी कुणाच्या गोठ्यात म्हैस मेली तर? वढून कोण नेतं?"

हे मी कुठंच लिहिलं नव्हतं.

"दारात तर सडू देत नसतील. कुणीतरी नेतच आसंल. ते माणूस राहतं कुठं? नकाशा हाय का?"

नकाशा होता. मोबाइलवर उघडून दिला. आजोबांनी चष्मा चढवला आणि बोटानं सरकवत सगळं नीलवर पाहिलं. देऊळ, राजवाडा, बाजार, नदीवरचे पूल. डोंगरापाशी बोट थांबलं.

"हे काय?"

"ड्रॅगनची गुहा."

"पंखवाल्या सापालाबी घर दिलंस," ते हळूच म्हणाले. "आन् आपल्याला?"

खरं सांगते, मी कॉलेजात वादविवादाची बक्षिसं घेतलेली मुलगी. ही चळवळ, ते भाषण, सगळ्यात पुढं. आणि अख्खं जग नव्यानं बनवायची संधी मिळाली, तर त्यात मी आमचंच घर विसरले. तेवढ्यात पॅसेंजर आली.

आणि मी काय बोलावं? "आजोबा, गाडी आली."

"दिसती मला!"

ते उठले नाहीत. दारं भरली, रिकामी झाली, गाडी सुटली. माझा हुंदका सुटला तो मात्र त्यांनी न पाहिल्यासारखं केलं.

"चल," पिशवी माझ्याकडं देत म्हणाले. "घरी मोठ्या पडद्यावर दाखव. ह्याच्यात डोळे फुटायची पाळी आली."

तेव्हापासून रोज संध्याकाळी नीलवरचा कारभार आजोबांकडं आहे. मेलेली म्हैस ओढणाऱ्यांनी निषिद्ध दिवशी काम बंद केलं. वास राजवाड्यापर्यंत गेला. राजा नाकाला उपरणं लावून त्यांच्या वस्तीत बोलणी करायला आला, पुजारी मागच्या दारानं पळाले. माझी नायिका राजकन्या होती, ती आता रात्रशाळा चालवते.

परवा मी वैतागून विचारलंच, "आजोबा, लेखिका मी आहे ना? मग माझं काम काय राहिलं यात?"

त्यांनी चष्म्यावरून पाहिलं. "तू टाइप कर."