मोबाइलमधलं वासरू

गाय हंबरते, एवढंच ज्यांना ठाऊक आहे त्यांचा मला राग येतो. गोठ्यात वाढलेल्या माणसाला विचारा. गाय तोंड मिटून, घशातल्या घशात हुंकारते, तो आवाज फक्त तिच्या वासरासाठी असतो. वासरू दिसेनासं झालं की तीच गाय मान ताणून, तोंड उघडून अशी हाक मारते की शेतातला माणूस मागे वळून बघतो. हे सगळं मला लहानपणापासून कळतं. म्हणून तर स्वतःवर जास्त चिडलोय.

माझी नोकरी हिंगण्याला, घर शहरात, प्रताप नगरात. पारशिवनीकडच्या गावी मोठा भाऊ शेती आणि गाय सांभाळतो. यंदा गाय व्याली तेव्हा सुटी काढून गेलो आणि वासराच्या ओरडण्याचा व्हिडिओ काढून आणला. कंपनीच्या बसमध्ये सगळ्यांना दाखवला. लोक हसले, मीही हसलो. तीन आठवड्यांत वासरू हगवणीने गेलं. मग भावाचा फोन आला, "तो व्हिडिओ पाठव गा मले." आठवण म्हणून हवा असेल, असं वाटून लगेच पाठवला.

पुढच्या खेपेला सकाळी गोठ्यात शिरलो, तर भाऊ बादली घेऊन गाईजवळ बसलेला आणि खुंटीला मोबाइल टांगलेला. त्यातून वासरू ओरडत होतं. आमच्याकडे आधी वासराला दोन घोट पिऊ देतात आणि गाईने पान्हा सोडला की ओढून बाजूला बांधतात. आता वासराचं काम मोबाइल करत होता. गाय कान पुढे करून खुंटीकडे बघत हुंकारत होती आणि दूध बादलीत पडत होतं.

माझं डोकंच फिरलं.

"लाज नाही वाटत काय गा तुले? मेलेलं लेकरू ऐकवून राहिला तिले?"

"पान्हा चोरला त थान सुजते तिचं," तो मान वर न करता म्हणाला. "तुले काय, आला, चहा पेला अन् गेला."

उठल्याउठल्या दोन कप चहा मी प्यायलोच होतो, त्यामुळे आणखीच पेटलो. मोबाइल हिसकला आणि बंद केला.

गाईचा हुंकार थांबला. दूधही थांबलं. मग तिने मान ताणली, तोंड उघडलं आणि हाक मारायला लागली. थांबेचना. दाव्याला हिसके देऊन दाराकडे बघायची, पुन्हा ओरडायची. भाऊ उठून उभा राहिला.

"आता तूच सांग तिले," तो म्हणाला.

मी माझ्याच बोटाने व्हिडिओ पुन्हा लावला.

गाय हळूहळू शांत झाली. बसच्या गलक्यात मी तो व्हिडिओ कधी नीट ऐकलाच नव्हता. आता शेवटपर्यंत ऐकला. वासरू भुकेने ओरडत होतं. त्याची आई दोन हातांच्या अंतरावर उभी, पण भावाने त्याला धरून ठेवलेलं, कारण जवळ सोडलं की ते प्यायला लागायचं आणि गप्प व्हायचं. भाऊ विचारतो, "सोडू काय?" आणि वर माझा आवाज, चांगला खुशीतला: "थांब गा, अजून थोडं धर. मस्त ओरडून राहिलं."

दोन्ही वेळच्या दुधाला गाय हे सगळं ऐकते, माझ्या आवाजासकट.